पाच डॉलरच्या नोटेवरचा माणूस : बार्बेडोसमधले चार दिवस

शुक्रवार

टोरंटोत उणे अकरा होतं. साडेपाच तासांनी ब्रिजटाउनला उतरलो तर अठ्ठावीस. बाबांच्या अंगात थर्मल, स्वेटर, जाकीट असं सगळं तसंच, आणि काढायला तयार नाहीत. का, तर पासपोर्ट आतल्या खिशात आहे.

ऐन हिवाळ्यात आई-बाबांना ठाण्याहून मिसिसागाला बोलावण्याचा शहाणपणा माझाच. दोन महिने दोघांनी खिडकीतून बर्फ बघितला. शेवटी फेब्रुवारीत आई म्हणाली, "कुठेही ने, पण जिथे पायात मोजे घालावे लागणार नाहीत अशा ठिकाणी ने." बाबांना विचारलं, तर त्यांनी एकच शब्द उच्चारला : "केन्सिंग्टन." त्यांना लंडनचं नव्हे, तर बार्बेडोस या कॅरिबियन बेटावरचं क्रिकेटचं मैदान म्हणायचं होतं, हे क्रिकेटवेड्या घरात वाढल्यामुळे मला लगेच कळलं. नवऱ्याला सुट्टी नव्हती, म्हणून आम्ही तिघंच निघालो.

भारतीय पासपोर्टवर आम्हाला बार्बेडोसचा व्हिसा लागला नाही. इमिग्रेशनचा फॉर्म ऑनलाइन भरला की झालं. पण निघण्याआधी नियम एकदा बघून घ्या, आणि आई-वडिलांचा कॅनडाचा व्हिसा मल्टिपल एन्ट्रीचा आहे ना, हे त्याच्याही आधी बघा. विमान थेट घ्या. मध्ये अमेरिकेत उतरलात तर तिथला व्हिसा लागतो. आणखी एक : लष्करी छापाचे, हिरवे-तपकिरी ठिपक्यांचे कपडे या देशात कायद्यानं बंद आहेत, लहान मुलांनासुद्धा. बाबांची तसली टोपी मी बॅगेतून काढून ठेवली होती, त्यावरून विमानात अर्धा तास अबोला.

हॉटेल दक्षिण किनाऱ्यावर. शुक्रवार असल्यामुळे संध्याकाळी सरळ ओइस्टिन्सला गेलो. कोळ्यांची वस्ती, मासळीबाजार, आणि त्याला लागून टपऱ्यांची रांग. शुक्रवारी रात्री इथे अख्खं बेट मासे खायला लोटतं. फळ्यावर पहिलंच नाव 'डॉल्फिन'. आईनं माझा दंडच धरला. "अगं, डॉल्फिन खातात हे?" टपरीवालीला हा प्रश्न रोजचाच असावा. तिनं हसत सांगितलं की इथे माही-माही माशाला डॉल्फिन म्हणतात, तो उड्या मारणारा वेगळा. तरी आईनं तो घेतला नाहीच. तिनं घेतला फ्लाइंग फिश.

हा इथला राष्ट्रीय मासा. एक डॉलरच्या नाण्यावरही तोच आहे, पंख पसरून. काटे भरपूर, पण विकणाऱ्या बायका ते इतक्या सफाईनं काढून देतात की ताटात येतो तो नुसता मऊ मांसाचा तुकडा. आईचं माहेर मालवणचं, तेव्हा तिच्या पसंतीला उतरणं सोपं नाही. तिनं काट्यानं तुकडा उलटा केला, चिरांमध्ये भरलेला हिरवा मसाला नखानं जरा उकरला, वास घेतला. "पातीचा कांदा, मिरची, लिंबू, आणि ओव्यासारखं काहीतरी." ते थाइम होतं. "वरून नुसता लावला नाहीये, आत भरलाय. बांगड्याला आपण भरतो तसा. चांगलाय." मालवणच्या माणसाकडून याच्यापुढे कौतुक येत नाही.

सोबत 'कूकू'. मक्याचं पीठ आणि भेंडी एकत्र घोटून केलेला गोळा. तांदळाची उकड डोळ्यांसमोर आणा आणि तिच्यात भेंडीचा बुळबुळीतपणा मिसळा. मला आवडला नाही. बाबांनी दोनदा घेतला.

पैसे देताना गंमत झाली. सुट्टे परत आले त्यात पाच डॉलरची नोट होती. बाबांनी ती दिव्याखाली धरली, चष्मा कपाळावर सरकवला आणि ओरडलेच, "अरे, हा तर वॉरेल!" टपरीवाली दचकली, मग तिनंही मान डोलावली. सर फ्रँक वॉरेल. वेस्ट इंडीजच्या संघाचं अख्ख्या मालिकेसाठी नेतृत्व मिळालेला पहिला कृष्णवर्णीय कप्तान. ती नोट बाबांनी पाकिटात न ठेवता शर्टाच्या खिशात ठेवली.

रात्री खोलीबाहेर कर्कश शिट्ट्या सुरू झाल्या. बाबांना वाटलं एसीचा बेल्ट गेला. रिसेप्शनला फोन करून तक्रार केली, तर कळलं की ते बेडूक आहेत, अंगठ्याच्या नखाएवढे. सकाळपर्यंत थांबत नाहीत. झोप हलकी असेल तर कापसाचे बोळे बरोबर ठेवा.

शनिवार

आजची बस-टूर. साधारण पाच तासांची, हॉटेलवरून नेणार आणि हॉटेलवर आणून सोडणार. जाहिरातीत 'केन्सिंग्टन ओव्हल' मोठ्या अक्षरांत होतं, म्हणून मी बाबांना न विचारता तीच निवडली. तिथेच फसले, पण ते पुढे येईलच.

पंचवीस सीटची बस. आमच्याबरोबर बहुतेक सगळे इंग्लंडचे आजी-आजोबा. गाइडबाई पन्नाशीच्या, नारिंगी लिपस्टिक, आवाज मास्तरणीचा. सगळ्यांना 'स्वीटहार्ट' म्हणायच्या आणि कुणी उशिरा बसमध्ये चढलं की "चीज ऑन ब्रेड!" असं ओरडायच्या. आईला वाटलं नाश्ता वाटतायत. तो इथला 'अगं बाई!' आहे.

"बेटाची लांबी चौतीस किलोमीटर," गाइडबाईंनी सांगितलं.

"चर्चगेट ते बोरिवली," बाबा म्हणाले. नंतर दिवसभर ते अंतरं याच मापानं मोजत होते.

सुरुवात गॅरिसन भागापासून. जॉर्ज वॉशिंग्टन १७५१ मध्ये, एकोणीस वर्षांचा असताना, ज्या घरात राहिला ते घर इथे आहे. आयुष्यात एकदाच परदेशी गेला, तो इथे, आणि त्याला देवी आल्या. मग ब्रिजटाउन : संसद, बोटींचा धक्का, आणि हीरोज स्क्वेअर. पूर्वी हा ट्रफॅल्गर स्क्वेअर होता. इथे ब्रिटिश आरमाराचा सेनापती नेल्सन याचा पुतळा १८१३ पासून, म्हणजे लंडनमधल्या त्या उंच खांबाच्याही आधीपासून उभा होता. २०२० च्या नोव्हेंबरात तो काढला, आणि वर्षभरानं, ३० नोव्हेंबर २०२१ ला, ब्रिटनच्या राणीचं राज्यप्रमुखपदही गेलं. देश प्रजासत्ताक झाला. गाइडबाई हे सगळं इंग्लिश आजी-आजोबांना इतक्या गोड आवाजात सांगत होत्या की एका आजींनी टाळ्या वाजवल्या.

मग रिहाना ड्राइव्ह. गायिका रिहानाचं लहानपणीचं घर या गल्लीत आहे, २०१७ मध्ये गल्लीला तिचं नाव दिलं. छोटंसं बैठं रंगीत घर. सगळे खाली उतरले, फोटो काढले, वीस मिनिटं गेली.

आणि त्यानंतर ओव्हल. ड्रायव्हरनं वेग कमी केला, गाइडबाई म्हणाल्या, "उजवीकडे केन्सिंग्टन ओव्हल," आणि बस पुढे निघाली.

बाबा अर्धे उठले होते. तसेच खाली बसले. काही बोलले नाहीत. मीच पुढे जाऊन विचारलं, तर थांबा वेळापत्रकात नाही म्हणे, फक्त 'दर्शन' आहे. जाहिरातीतल्या बारीक अक्षरात तसं लिहिलंही होतं. ते मी रात्री वाचलं. बेटावरची कुठलीही टूर घ्याल तेव्हा कुठे उतरवणार आणि कुठे काचेतूनच दाखवणार, हे आधी लिहून मागवा.

पण ड्रायव्हरनं आरशातून बाबांचा चेहरा पाहिला होता. तोही पांढऱ्या केसांचा, सत्तरीच्या आसपासचा माणूस. पुढच्या सिग्नलला त्यानं विचारलं, "इंडिया?" बाबा होय म्हणाले. "एक्याऐंशी ऑल आउट," तो म्हणाला आणि खो खो हसला.

ज्यांना १९९७ आठवतंय त्यांना वेगळं सांगायला नको. याच मैदानावर जिंकायला १२० हव्या होत्या, सचिन कप्तान, आणि ८१ वर सगळे बाद. बिशप, अँब्रोज आणि रोझ यांनी दहाच्या दहा विकेट्स वाटून घेतल्या. बाबा पुढच्या सीटवर जाऊन बसले. "मान्य. आणि २९ जून २०२४?" त्या दिवशी ठाण्याला आमच्या सोसायटीत रात्री फटाके वाजले होते. दक्षिण आफ्रिकेवर सात धावांनी मिळवलेला वर्ल्ड कप, सीमारेषेवरचा सूर्यकुमारचा झेल, आणि नंतर रोहित शर्मानं खेळपट्टीवरची चिमूट तोंडात टाकली, तेही याच मैदानावर. ड्रायव्हरनं स्टिअरिंगवरचा एक हात वर केला. बरोबरी.

मग बाबांनी खरी गोष्ट काढली. मार्च १९६२. बाबा तेव्हा दादरला शाळेत. भारताचा कप्तान नरी काँट्रॅक्टर इथे बार्बेडोसविरुद्ध खेळताना चार्ली ग्रिफिथचा चेंडू उजव्या कानाजवळ लागून कोसळला. कवटीला तडा. तातडीनं शस्त्रक्रिया, रक्त हवं. जे पुढे आले त्यांत पॉली उम्रीगर, चंदू बोर्डे, बापू नाडकर्णी होते, आणि वेस्ट इंडीजचा कप्तान फ्रँक वॉरेल होता. काँट्रॅक्टर वाचला, पण कसोटी पुन्हा खेळला नाही. एकवीस वर्षांच्या पतौडीवर कप्तानी आली.

"चार्लीनं मुद्दाम नाही मारला," ड्रायव्हर म्हणाला. हसणं थांबलं होतं.

"काँट्रॅक्टर स्वतःही तसंच म्हणायचा," बाबा म्हणाले. "पॅव्हेलियनची एक खिडकी कुणीतरी उघडली, तिकडे लक्ष गेलं. पण त्याच सामन्यात ग्रिफिथला हात वाकवून थ्रो केल्याबद्दल नो-बॉल दिला होता."

"एकदा!"

"एकदा का होईना."

हे असं गन हिलपर्यंत चाललं. गाइडबाईंनी दोनदा माइकवरून "ड्रायव्हर, रस्ता" असं सुनावलं.

वाटेत लाकडी घरं लागली, त्यांबद्दल जरा थांबून सांगते. 'चॅटल हाउस' म्हणतात. जेमतेम दोन खोल्या, उतरतं छप्पर, चटक रंगाची झडपं, आणि पाया नाहीच. घर नुसतं दगडांच्या थप्प्यांवर टेकवलेलं. फोटोत गोजिरवाणं दिसतं. कारण ऐका. गुलामगिरी १८३४ मध्ये संपली, पुरती सुटका १८३८ मध्ये झाली, पण जमीन उसाच्या मळेवाल्यांकडेच राहिली. मजूर मळ्याच्या जागेवर घर बांधणार, आणि मालकाची मर्जी फिरली की जागा सोडणार. मग घर असं बांधायचं की फळ्या सोडवून गाडीवर घालता येतील. चॅटल म्हणजे जंगम मालमत्ता. गाइडबाई म्हणाल्या, "माझ्या आजीचं घर दोनदा हललं. खिडक्या त्याच, समोरचं दृश्य बदललं." त्यानंतर बसमध्ये कुणी त्या घरांचे फोटो काढले नाहीत. पुढच्या वळणावर पुन्हा काढले.

गन हिलवरून निम्मं बेट दिसतं. खाली कड्यात पांढरा सिंह कोरलाय, १८६८ सालचा. सेंट जॉनचं चर्च १८३६ चं, आधीचं १८३१ च्या वादळात गेलं होतं. मागच्या बाजूला एक थडगं आहे, सतराव्या शतकात वारलेल्या फर्डिनांड पॅलिओलोगसचं. त्यावर लिहिलंय की तो ग्रीसच्या शेवटच्या ख्रिस्ती बादशहांचा वंशज. बादशाही बुडाली, आणि वंशज उसाच्या बेटावर चर्चचा कारभारी. आई त्या थडग्याजवळ बराच वेळ उभी राहिली, मग म्हणाली, "इथे वारा छान आहे, त्याला बरं वाटत असेल."

जेवण बाथशिबाला, पूर्व किनाऱ्यावर. पश्चिमेचा समुद्र तळ्यासारखा शांत, आणि इथे अटलांटिक नुसता आदळतो. पाण्यात मोठमोठे खडक, खालून झिजून अळंब्यासारखे झालेले. सर्फिंगवाले येतात, आपण फक्त पाय भिजवावेत, ओढ वाईट आहे. ताटात मॅकरोनी पाय, ओल्या तुरीचे दाणे घातलेला भात आणि तळलेला ब्रेडफ्रूट. पहिला घास घेतला आणि आई म्हणाली, "नीरफणसाची कापं!" तोच तो. गुलामांना स्वस्तात खायला घालता यावं म्हणून कॅप्टन ब्लायनं १७९३ मध्ये पॅसिफिकमधून रोपं कॅरिबियनला आणली. काप जाड होते आणि रवा लावलेला नव्हता, एवढीच आईची तक्रार.

खरी मजा जेवणानंतर. वाळूच्या कडेला एक बाई टेबल मांडून बसल्या होत्या. टेबलावर गुलाबी आणि पांढऱ्या नारळाच्या वड्या, शेजारी साखरेत घोळवलेल्या चिंचेच्या गोळ्या. आई थेट टेबलापलीकडेच गेली. दोघींना एकमेकींचं इंग्रजी कळत नव्हतं. तरी किती नारळाला किती साखर, पाक कसा ओळखायचा, हे सगळं बोटांवर झालं. बाईंनी अंगठा आणि बोट चिकटवून तार दाखवली, आईनं मान हलवून दुसरी, जाड तार दाखवली. मग आईनं पर्समधून वेलचीची डबी काढली (ती कुठेही तिच्याजवळ असते), एक वेलची सोलून दाणे त्यांच्या तळहातावर ठेवले. बाईंनी वास घेतला, चावून बघितले, आणि दोन वड्या फुकट दिल्या. बस पाच मिनिटं थांबून होती. "चीज ऑन ब्रेड!"

परतताना हमरस्त्यावरच्या चौकात मुक्तीचा पुतळा, १९८५ चा : दोन्ही हात वर, मनगटांतून तुटलेल्या साखळ्या लोंबतायत. लोक त्याला बसा म्हणतात, १८१६ च्या गुलामांच्या उठावाच्या म्होरक्याच्या नावानं. इथेही बस थांबत नाही.

उतरताना ड्रायव्हरनं बाबांना सांगितलं, "सोमवारी स्वतः जा. ओव्हल बघा, मग केव्ह हिलला जा. फ्रँक तिथे आहे."

रविवार

सकाळी पाऊस, दहा मिनिटांचा. रस्त्यावर टोप्या घातलेल्या बायका चर्चला निघालेल्या, एकेक टोपी म्हणजे लग्नाचा हार. दुकानं बंद, बस कमी. आम्ही रॉकलीच्या किनाऱ्यावर पडून राहिलो.

एक सावधगिरी. किनाऱ्यावर काही झाडांच्या बुंध्यावर लाल पट्टा असतो. ते मँचिनील. फळ छोट्या हिरव्या सफरचंदासारखं, विषारी. पाऊस आला म्हणून त्याखाली उभं राहू नका. पानांवरून ठिबकणारं पाणीसुद्धा कातडी भाजतं.

सोमवार

विमान रात्रीचं. सकाळी झेडआर पकडली. झेडआर म्हणजे पांढरी व्हॅन, कडेला किरमिजी पट्टा, गाणी कानठळ्या बसवणारी, आणि कंडक्टर कल्याण-भिवंडी वडापवाल्याच्या पोटजातीतला. थांब्याच्या पाटीवर फक्त 'शहराकडे' किंवा 'शहराबाहेर' एवढंच असतं, चुकायची सोयच नाही. साडेतीन डॉलर माणशी. सरकारी निळ्या बसचं भाडंही तेवढंच, पण तिथे सुट्टे द्यावे लागतात. दोन बार्बेडोस डॉलर म्हणजे एक अमेरिकन. हिशेब सोपा, आणि अमेरिकन नोटाही सगळीकडे चालतात.

ओव्हलवर त्या दिवशी काहीच नव्हतं. दाराशी बार्बेडोसचा थोर अष्टपैलू क्रिकेटपटू गॅरी सोबर्स याचा पुतळा, आणि एक पहारेकरी. आत सोडता येणार नाही, म्हणाला. बाबा बरं म्हणाले आणि गजांतून बघत उभे राहिले. दोन मिनिटं गेली, पाच गेली. पहारेकऱ्यानं आमच्याकडे बघितलं, मग घड्याळाकडे, मग छोटं दार उघडलं. "पाच मिनिटं. गवतावर पाय नाही."

मला वाटलं होतं बाबा २०२४ चा झेल कुठल्या सीमारेषेवर होता ते शोधतील. पण ते पॅव्हेलियनकडे बघत होते. "हे सगळं नवीन बांधलंय," ते म्हणाले. "२००७ च्या वर्ल्ड कपला. ती खिडकी आता कुठली सापडायला." पाचाऐवजी बारा मिनिटं झाली.

केव्ह हिलला टॅक्सीनं गेलो. टॅक्सीला मीटर नसतो, बसण्याआधी भाडं ठरवा. तिथे विद्यापीठाच्या आवारात थ्री डब्ल्यूज ओव्हल आहे : वॉरेल, वीक्स, वॉलकॉट. तिघंही याच बेटावर दीडएक वर्षाच्या अंतरात जन्मले, आणि आता तिघंही मैदानाशेजारच्या उंचवट्यावर आहेत. वॉरेल सगळ्यात आधी गेला, १९६७ मध्ये, बेचाळीस वर्षांचा असताना, रक्ताच्या कर्करोगानं. बंगालचं क्रिकेट असोसिएशन दरवर्षी ३ फेब्रुवारीला त्याच्या नावानं रक्तदान शिबिर घेतं, हे बाबांनी तिथे उभ्या उभ्या सांगितलं.

आईला क्रिकेट कळत नाही. तिनं विचारलं, "ज्याला रक्त दिलं तो याच्या ओळखीचा होता का?"

"विरुद्ध बाजूचा होता."

आईनं पर्स उघडली. फुलं नव्हती. चिंचेच्या गोळ्यांचा पुडा होता, त्यातली एक तिनं दगडावर ठेवली. बाबा काही म्हणाले नाहीत. खाली मैदानात विद्यार्थी नेटमध्ये खेळत होते, एक मुलगी वेगात चेंडू टाकत होती, आणि बाबा म्हणाले, "हिची ॲक्शन स्वच्छ आहे."

परतताना ब्रिजटाउनच्या स्वान स्ट्रीटवर आईनं टॉवेल घेतले. दुकानदाराचं घराणं मूळचं सुरतेकडचं. अशी गुजराती मुस्लिम कुटुंबं इथे पिढ्यान्‌पिढ्या आहेत, सुरुवातीला दारोदार कापड विकत आलेली. आईनं गुजरातीत भाव केला आणि जिंकली.

विमानतळावर तपासणीनंतर आईला तहान लागली. इथले पैसे बाहेर कुणी घेत नाही म्हणून मी सगळे खर्चून टाकले होते. "अहो, तुमच्या खिशात पाच डॉलर आहेत ना?" आई म्हणाली.

बाबांनी खिशावर हात ठेवला. "ते सुट्टे नाहीत."

पाण्याची बाटली मी कार्डनं घेतली.